बाबांचा स्कॉटलंडचा गडी

माझे वडील हुतूतूवाले. कबड्डी म्हटलं की नाक मुरडायचे. “नाव बदललं अन् पोट्टे नाजूक झाले, गादीवर खेळतात,” म्हणायचे. वर्ध्याच्या पलीकडे आमचं गाव. तिथल्या शाळेत ते जन्मभर खेळाचे मास्तर होते. अशा माणसाला सिंगापूरला आणून तोआ पायोह वस्तीतल्या अकराव्या मजल्यावरच्या फ्लॅटमध्ये बसवलं तर तो करणार काय? पहिलं वर्ष त्यांनी खालच्या व्यायामाच्या कट्ट्यावर चिनी म्हाताऱ्यांना सूचना देण्यात घालवलं. भाषा येत नव्हती, पण “गुडघा! गुडघा सरळ!” असं ठणकावून सांगितलं की कुणालाही कळतं, असं त्यांचं म्हणणं. आणि खरंच कळायचं हो. आम्ही खाली गेलो की दोन-तीन म्हातारे गुडघे सरळ करून उभे राहायचे.

त्यांना इथे मी आणलं. आई गेली तेव्हा. आईला दुखायला लागलं आणि गावापासून मोठ्या दवाखान्यापर्यंतचा रस्ता संपेना. ती जीपमध्येच गेली, बाबांच्या मांडीवर. मी इथून विमानात बसले तेव्हा ती होती, नागपूरला उतरले तेव्हा नव्हती. त्यानंतर बाबांना त्या गावात एकटं ठेवायचा विचारसुद्धा मला सोसेना. माझा नवरा जहाजावर चीफ इंजिनियर, चार महिने समुद्रावर, दोन महिने घरी. मुलगी कॉलेजात. मी पाण्याच्या एका प्रयोगशाळेत काम करते. घरात माणूस हवंच होतं, असं मी सगळ्यांना सांगितलं. खरं म्हणजे मला भीती वाटत होती. बाबांची छाती कमजोर झाली होती आणि तो रस्ता काही छोटा झाला नव्हता.

बाबा मात्र पहिल्या दिवसापासून पाहुणे म्हणून आले होते. “मंग, परत कधी?” हा त्यांचा प्रश्न ठरलेला. गावात त्यांचा एक जोडीदार होता, मी त्यांना काका म्हणते. तरुणपणी एका संघात खेळलेले दोघं. काका चढाईला जायचे, बाबा डाव्या कोपऱ्यात पकडीला. काकांची बायको गेली होती, मुलं पुण्याला. त्यांचा दर रविवारी संध्याकाळी फोन यायचा आणि फोनमध्ये एकच रेकॉर्ड असायची: माझ्या दोन खोल्या रिकाम्या आहेत, तू ये, दोघं राहू, भाकऱ्या करायला बाई येते. काका थोडे बहिरे, म्हणून फोनवर ओरडायचे. सबंध घराला ऐकू जायचं. मी स्वयंपाकघरात भांडी आपटायची.

मी नाही म्हणत नव्हते. मी म्हणत होते, पावसाळा जाऊ द्या. मग मीच म्हणाले, थंडी जाऊ द्या. मग मुलीची परीक्षा. बाबांना भांडायला आवडायचं नाही, निदान माझ्याशी. ते मला ‘माय’ म्हणायचे, आमच्याकडे बाप मुलीला म्हणतो तसं, आणि “बरं माय” म्हणून गप्प बसायचे. एकदा त्यांना ईस्ट कोस्टला समुद्र दाखवायला नेलं. पाण्यात ही भली मोठी रांग जहाजांची, बंदरात शिरायची वाट बघत. बराच वेळ पाहत राहिले आणि म्हणाले, “एवढी जहाजं, माय, अन् एक बी आपल्या गावले जात नाही.” मी म्हटलं, “बाबा, आपल्या गावाला समुद्र नाही.” तर म्हणाले, “ते मले माहीत हाये. मास्तर होतो मी.”

आता त्या गड्याची गोष्ट.

बाबा सकाळी लायब्ररीत जाऊन चित्रांची पुस्तकं आणायचे. खेळांची, प्राण्यांची, कसलीही. इंग्रजी त्यांना अक्षर-अक्षर लावून यायचं, त्यात मोतीबिंदू. एके दिवशी रग्बीच्या जुन्या इतिहासाचं जाडजूड पुस्तक काखेत मारून आले. त्यात एकोणिसाव्या शतकातला एक फोटो होता: स्कॉटलंडच्या संघाचा. लोकरीच्या बंड्या, दाढ्या, मिशा, आणि पुढे जमिनीवर मांडी घालून बसलेला एक जण, बॉल पोटाशी धरून. मांड्या बघून बाबा म्हणाले, “हा पकडीचा गडी हाये. पैज लाव.” फोटोखाली प्रत्येकाची दोन-दोन ओळींची माहिती होती. मी वाचली. त्या मांडी घालून बसलेल्याच्या नावापुढे शेवटी लिहिलं होतं, सिंगापूर इथे मृत्यू.

“इथं?” बाबा उठूनच उभे राहिले. “इथं मेला? आपल्यापाशी?”

तिथून आमचे रविवार त्या माणसाचे झाले. सकाळी बुद्धवंदना झाली की चहा, काया म्हणजे इथला नारळाचा जॅम लावलेले टोस्ट आणि गडी. त्याचं नाव बाबांच्या जिभेवर बसत नव्हतं, म्हणून ‘आपला गडी’. इथली जुनी वर्तमानपत्रं कॉम्प्युटरवर घरबसल्या वाचता येतात, आणि माझ्या हातात असलं काही लागलं की मी सोडत नाही, तो माझा स्वभाव आहे. आठवडाभर जेवणाच्या सुट्टीत मी शोधायची आणि रविवारी त्यांना मराठीत वाचून दाखवायची. इंग्रजीवरून नजर फिरवत मराठी बोलत जायचं, हे मला चांगलं जमायला लागलं होतं. फार चांगलं.

तर हा गडी एका लहानशा बंदरगावातल्या शाळामास्तरचा मुलगा. “मास्तरचा? मंग बरोबर,” बाबा म्हणाले. जहाजं बांधायच्या कारखान्यात उमेदवारी करायचा आणि शनिवारी खेळायचा. त्या काळी रग्बीत एका बाजूला वीस-वीस माणसं असत आणि खेळाचा बहुतेक वेळ ती चाळीस माणसं एकमेकांत डोकी घालून रेटारेटी करण्यात जाई. बाबांना हे फार पसंत पडलं. त्यांनी मला आणि माझ्या मुलीला हॉलमध्ये उभं करून रेटारेटी कशी होत असेल ते करून दाखवलं. मुलगी इथल्या पोरांच्या इंग्रजीत म्हणाली, “आजोबा सो स्ट्राँग, लाह!” आणि सोफ्यावर पडली. बाबांना धाप लागली, पण तोंडावर काय आनंद होता.

देशाकडून तो तीनदा खेळला. खेळला की टोपी मिळायची, त्याला टोपी मिळणं असंच म्हणत. बाबा म्हणाले, “मले बनियन भेटली होती.” बाबा विदर्भाकडून एकदा खेळले होते. एकदाच. पुढच्या वर्षी यादीत त्यांचं नाव नव्हतं. का नव्हतं ते आमच्या वस्तीतल्या शेंबड्या पोरालाही ठाऊक होतं, आणि बाबा त्यावर कधी बोलले नाहीत. त्या रविवारीही बोलले नाहीत. “पुढं वाच,” म्हणाले.

दुसऱ्या सामन्यात आपल्या गड्यानं मोठी कामगिरी केली. तिघं अंगावर असताना रेषा ओलांडली आणि बॉल जमिनीला टेकवला. पण त्या काळचा नियम असा की नुसतं रेषेपार जाऊन बॉल टेकवण्याला गुण नाही. त्यातून एवढंच मिळायचं की आता दांड्यांच्या मधून आडव्या दांडीवरून लाथ मारून पाहा. लाथ लागली तर गोल. दुसऱ्याच कुणीतरी लाथ मारली, ती चुकली, आणि सामना बरोबरीत सुटला.

“अन् याले काहीच नाही?”

“काही नाही.”

“अरे बाप्पा!” बाबा खरंच चिडले. “तिघाईले ओढत नेलं लेकरानं अन् काहीच नाही? हा काय नियम हाये? कोण्या गाढवानं केला?” मी म्हटलं, पुढे बदलला तो नियम. “पुढं म्हणजे? त्याले काय उपयोग?” दुपारी जेवतानाही तेच. वरणाचा घास घेता घेता थांबले आणि म्हणाले, “काहीच नाही!”

तिसऱ्या सामन्यात त्याचं खांद्याजवळचं हाड मोडलं आणि पुन्हा कुणी बोलावलं नाही. मग तो जहाजावर इंजिनियर म्हणून पूर्वेकडे आला, माझ्या नवऱ्यासारखाच. सिंगापूरच्या गोदीत नोकरी धरली. पडांगच्या मैदानावर काही वर्षं खेळला, मग पंच झाला. एका बातमीत त्याला ‘आपला जुना आंतरराष्ट्रीय खेळाडू’ म्हटलं होतं. ते मी बाबांना तीनदा वाचून दाखवलं. लग्न केलं नाही. पुढे बातम्या विरळ होत गेल्या. एकदा कुणाच्या अंत्ययात्रेला हजर असलेल्यांच्या यादीत नाव. एकदा गुडघा मोडल्याचं. बस.

बिदादरीच्या दफनभूमीत त्याला पुरलं असावं, असं मला सापडलं. ती जागा आमच्या घरापासून बसनं पंधरा मिनिटं. गेलो दोघं. तिथे आता फ्लॅट आहेत, एक बाग आहे, मुलं सायकली चालवतात. थडगी कधीच उकरून हलवली. ज्यांचं न्यायला कुणी आलं नाही त्यांच्या अस्थी जाळून समुद्रात सोडल्या, असं सांगतात. हे ऐकून बाबा वाईट वाटून घेतील म्हणून मी आधी सांगत नव्हते. ऐकल्यावर ते बाकावर बसले आणि म्हणाले, “चांगलं झालं. पाण्यानं तरी गेला असन घरी.”

मला तेव्हा कळलं, हे प्रकरण कुठे निघालंय.

त्याच संध्याकाळी, काकांचा फोन झाल्यावर, बाबांनी सरळ विचारलं, “माय, तो राहिला का अडकला?”

“म्हणजे?”

“इथं मेला ते ठीक हाये. पण राजीखुशीनं राहिला का अडकला? ते शोध. राहिला असन तं मी बी राहतो, तुह्या जिवाले घोर नाही. अन् अडकला असन, तं मले तिकीट काढून दे. मी नाही अडकत.”

हसत म्हणाले. पण माझा बाप मास्तर होता. नाणं उडवलं की छापा-काटा मानायचाच, हे त्यांनी हजार पोरांना शिकवलं होतं. माझ्याशी भांडायचं नव्हतं म्हणून त्यांनी एक पंच नेमला. आणि पंच मेलेला, इंग्रजीत, त्याचं तोंड माझ्या हातात.

दोन आठवड्यांनी ती बातमी सापडली. ऑफिसात, डबा उघडा ठेवून वाचली. जुना खेळाडू वारला, एवढ्याचीच होती, जेमतेम अर्धा रकाना. गेले कित्येक महिने त्यानं घरी जाण्याखेरीज दुसरा विषय काढला नव्हता. भेटायला येणाऱ्या प्रत्येकाला तो बंदरात कुठली बोट लागली आहे ते विचारायचा. शेवटी मित्रांनी त्याचं तिकीट काढलं. बोट गुरुवारी होती. मंगळवारी तो गेला.

मी डबा झाकला. भात तसाच राहिला.

माझ्यासमोर बाबा नव्हते, ती जीप होती. तो रस्ता, ती खडी. काकांच्या त्या दोन रिकाम्या खोल्या आणि रात्री-बेरात्री छातीत कळ आलेले बाबा आणि उठून आलेले बहिरे काका. मी काय करू शकत होते? पुष्कळ काही करू शकत होते. वर्ध्याला एखादी खोली बघता आली असती, सोबतीला माणूस ठेवता आला असता, सहा महिने रजा काढता आली असती. आज सुचतं सगळं. त्या वेळी मला फक्त एवढंच कळत होतं की बाबा माझ्या डोळ्यांसमोर असले पाहिजेत.

रविवारी वंदना झाली. चहा झाला. मी टॅब उघडून वाचायला लागले, आणि नजर इंग्रजीवरून फिरवत, अगदी नेहमीच्या आवाजात म्हणाले, “त्याच्या मित्रांनी त्याला विचारलं, तिकीट काढू का? तर तो म्हणाला, आता माझी माणसं इथेच आहेत. मला इथेच बरं वाटतं.”

बाबा पुढे सरकले. “असं म्हणाला?”

“हो.”

“कुठं लिहिलं हाये? दाखव.”

मी त्यांचं बोट धरून एका ओळीवर ठेवलं. जहाज कुठल्या वारी सुटणार होतं, त्या ओळीवर. बाबांनी त्या ओळीवरून हळूहळू बोट फिरवलं. मग चष्मा काढून पुसला. “मंग राहिला,” म्हणाले. “अडकला नाही. बरं झालं माय.” आणि नंतर थोड्या वेळानं, “बरं.”

मी सुटले, असं मला वाटलं. लाज वाटायला हवी होती, पण खरं सांगते, त्या दिवशी मी मासे आणले आणि गाणं म्हणत तळले.

संध्याकाळी काकांना बाबांनी स्वतः सांगितलं, मी इथेच राहतो. पलीकडून जे ओरडणं सुरू झालं ते मी पंख्याच्या आवाजातही ऐकलं. परदेशी झाला तू. पोरीच्या घरचे टोस्ट गोड लागून राहिले तुले. मी कोण? बाबा मध्ये मध्ये “अरे ऐक तं” म्हणत होते. मग फोन बंद झाला. पुढच्या रविवारी आला नाही. बाबांनी केला, उचलला नाही. “रागावला लेकाचा,” बाबा म्हणाले. “येईन ठिकाणावर.” ते दर रविवारी लावत राहिले. मी स्वयंपाकघरात असायची. आता भांडी आपटत नव्हते.

नवरा तेव्हा हिंदी महासागरात कुठेतरी होता. त्याला फोनवर सांगितलं. तो म्हणाला, “आत्ता सांगून टाक. जेवढा उशीर करशील तेवढं अवघड जाईल.” मी त्याच्यावरच उखडले. तुला काय जातं सांगायला, तू पाण्यावर, इथे मी एकटी. तो बरोबर बोलत होता, म्हणून तर माझा पारा चढला.

आणि मग बाबांनी पुण्यानुमोदनाचं काढलं. आमच्यात माणूस गेला की श्राद्ध-पिंड नाही. माणसं जमतात, त्रिशरण-पंचशील म्हणतात, गेलेल्याबद्दल चार शब्द बोलतात, त्याच्या नावानं जेवू घालतात आणि त्या पुण्याचा वाटा त्याला देतात. “त्या गड्याचं कुणीच नाही,” बाबा म्हणाले. “आपण करू. आता तो आपला झाला ना, इथंच राहतो म्हणाला ना तो!” इथे आमची पंधरा-वीस कुटुंबं महिन्यातून एकदा वंदनेला जमतात, इंजिनियर, संशोधक, बँकवाले. त्या महिन्यात ईस्ट कोस्टला राहणाऱ्या एकाच्या इमारतीतल्या हॉलमध्ये जमणार होतो. मला वाटलं लोक हसतील. कुणी हसलं नाही. उलट एकीनं खीर आणली.

पंचशील सुरू झालं. पहिलं, दुसरं, तिसरं. चौथं शील खोटं न बोलण्याचं. लहानपणापासून म्हणत आले आहे, झोपेतही म्हणेन. त्या दिवशी ते माझ्या तोंडून निघेना. ओठ हलवले नुसते. माझ्या शेजारी बाबा, हात जोडलेले, खणखणीत आवाजात म्हणत होते.

मग ते बोलायला उभे राहिले. पांढरा सदरा, शाळेच्या कवायतीला उभे राहायचे तसे ताठ. त्यांनी त्या गड्याची सगळी गोष्ट सांगितली, तिघांना ओढत नेल्याची, काहीच न मिळाल्याची. आणि शेवटी म्हणाले, “तुम्ही सगळे आपापलं गाव सोडून आले. रात्री झोप नाही येत, मले ठाऊक हाये. या गड्याले बी नसन येत. पण त्यानं ठरवलं, माही माणसं जिथं तिथं माहं गाव. म्या बी तेच ठरवलं.” दोन-तीन जणी डोळे पुसायला लागल्या. एक तरुण पोरगा येऊन बाबांच्या पाया पडला. मी खिरीच्या पातेल्यामागे उभी होते. लोकांनी माझं कौतुक केलं, किती शोधलंत ताई, म्हणाले.

त्यानंतर बाबा खचत गेले. काही मोठं झालं नाही. पायांवर सूज, जिना नको, खालचा कट्टा नको. लायब्ररीत जाणं बंद झालं. रविवारी फोन लावायचे, वाजू द्यायचे, ठेवून द्यायचे. आजार छातीचा होता, डॉक्टरांनी मला चित्र काढून दाखवला. पण मी घरात होते ना, मी बघत होते. एखादा माणूस दिलेला शब्द पाळण्यासाठी जगायला लागला की कसा दिसतो ते मी बघत होते.

शेवटी दवाखान्यात ठेवावं लागलं. सातव्या दिवशी दुपारी त्यांनी डोळे उघडले. नाकात नळी. खिडकीतून समोरचे फ्लॅट दिसत होते, वाळत घातलेले कपडे. म्हणाले, “माय, ते वाच ना. राहतो म्हणाला ते. ते ऐकलं की बरं वाटते.”

टॅब माझ्या पिशवीत होता. काढला. ते पान उघडलं. वाचायला तोंड उघडलं आणि मला पुन्हा खोटं बोलता येईना. कशानं येईना? त्यांच्यासाठी, का माझ्यासाठी? मी बरेचदा स्वतःला विचारलं आहे. त्यांना ते खोटं औषधासारखं लागत होतं. दिलं असतं तर काय बिघडलं असतं? पण मला ते पोटात ठेवून त्यांना जाऊ देणं जमलं नाही. तिथेही मी माझंच बघितलं.

“बाबा,” मी म्हटलं, “तसं लिहिलेलं नाही. तो अडकला होता. त्याला घरी जायचं होतं. तिकीट काढलं होतं त्याचं. दोन दिवस आधी गेला.”

ते माझ्याकडे बघत राहिले. मला वाटलं, कळलं नाही. मग म्हणाले, “मंग आपण त्याच्या नावानं खोटं सांगितलं? एवढ्या लोकांत?”

“मी सांगितलं. तुम्ही नाही.”

“पण बोललो तं मी ना.” शेजारच्या खाटेवरच्या माणसाचं कुणीतरी संत्रं सोलत होतं. “काहून सांगितलं, माय?”

“तुम्ही जाल म्हणून.”

“गेलो असतो,” बाबा म्हणाले. रागानं नाही. “गेलो असतो मी, माय.”

एवढंच. मग त्यांनी तोंड खिडकीकडे वळवलं. मी त्याच संध्याकाळी डॉक्टरांना विचारलं, विमानानं नेता येईल का. स्ट्रेचर, ऑक्सिजन, बरोबर नर्स, काय लागेल ते करते. डॉक्टरीणबाई चांगली होती, माझ्याहून लहान. तिनं माझा हात धरला आणि नाही म्हणाली. पाच दिवसांनी बाबा गेले. त्या पाच दिवसांत माझ्याशी बोलले, पाणी दे, उशी वर कर, मुलगी जेवली का. गडी नाही, गाव नाही, फोन नाही.

अस्थी घेऊन मी गावी गेले. बसथांब्यावरून सरळ काकांकडे. बाबा गेल्याचं त्यांना माझ्या चुलतभावानं कळवलं होतं. अंगणात बाजेवर बसले होते, पूर्वीपेक्षा निम्मे झालेले. मला बघून उठले नाहीत. भाकरी करणाऱ्या बाईनं पाणी आणून दिलं. काका म्हणाले, “आणलं का त्याले? आता आणलं?”

मी त्यांच्या पायाशी जमिनीवर बसले. वाटेत शंभरदा ठरवलेलं होतं. म्हटलं, “काका, बाबांना यायचं होतं. मी येऊ दिलं नाही. मी त्यांना खोटं वाचून दाखवलं, म्हणून ते राहतो म्हणाले.”

“काय?”

मला मोठ्यानं सांगावं लागलं. अशी गोष्ट ओरडून सांगणं काय असतं ते सांगता येत नाही. भाकरीवाली बाई चुलीपासून उठून दारात आली. मी ओरडले, “यायचं होतं त्यांना! तुमच्याकडेच यायचं होतं! मी फसवलं त्यांना!”

आता हे मला शिव्या देतील, असं मला वाटलं. त्यासाठीच तर गेले होते. हात उगारला असता तरी मी तशीच बसून राहिले असते.

काकांनी पाण्याचा पेला बाजेखाली ठेवला. माझ्याकडे पाहिलं नाही.

“चार महिने,” ते म्हणाले. “चार महिने तो दर रविवारी फोन करे, माय. अन् मी उचलत नव्हतो. हातात घेऊन बसो, वाजून वाजून बंद होये तोपर्यंत.”